बरणीतले जीव आणि शालिनीची ऑर्डर

चार जुन्या लॅबवाल्या भेटलो की आमचा चहा हमखास गार होतो. एकीने किस्सा सांगितला की दुसरीला तीन आठवतात, आणि गाडी शेवटी शालिनीवर येते. ऐंशीच्या दशकात अंधेरीच्या एका कॉलेजात शालिनी कांबळे आणि मी बायॉलॉजी लॅबमध्ये डेमॉन्स्ट्रेटर होतो. मी पर्मनंट, ती टेम्पररी. त्या वर्षी प्राचार्यांनी तिला तोंडावर सुनावलं होतं, “गेल्या परीक्षेत एक्स्टर्नल परीक्षकांना स्लाइडवर सगळं मेलेलं दिसलं. यंदाही तेच झालं तर जूनमध्ये नेमणुकीच्या ऑर्डरची वाट बघू नका!” घरात कमावणारी ती एकटी. मला त्या माणसाचा असा संताप आला होता!

*

पॅरामिशियम म्हणजे एकाच पेशीचा, चपलेच्या आकाराचा जीव. तो जिवंत हवा असेल तर सुकं गवत उकळायचं, गार झालं की तळ्याचं पाणी घालायचं आणि सगळं कुजू द्यायचं. शालिनीच्या बरण्यांना असा काही वास सुटला, की शेजारच्या लॅबने तक्रार केली. शेजारी कोण, तर केमिस्ट्रीवाले!

*

आरे कॉलनीच्या तळ्यावरून शालिनी एकदा बरणीभर हिरवं पाणी घेऊन बसमध्ये चढली.

“बाई, काय आहे ह्यात?” कंडक्टरने विचारलं.

“व्हॉल्व्हॉक्स. हिरव्या पेशींचे गोळे. जिवंत आहेत, धक्का लावू नका.”

“म्हणजे एक गोळा एक जीव, की आत लई जण राहतात?”

“तेच भांडण चाललंय. कुणी म्हणतं एक, कुणी म्हणतं वस्ती.”

“मग मिटू द्या भांडण,” तो म्हणाला, “तोवर तुमचं एकटीचं तिकीट फाडतो!”

*

गोराईच्या समुद्रावरून मी लांबलचक तपकिरी शेवाळ आणलं. असंख्य पेशींचं, तरी नव्या पुस्तकात ते पॅरामिशियमच्याच गोतावळ्यात, प्रोटिस्टांत. आमच्या विभागाचे हेडसर भडकले. “एक डोळ्यांना दिसत नाही, दुसरं बादलीत मावत नाही. ही कसली भावकी?”

“सर,” शालिनी म्हणाली, “आमच्या भावकीत याहून जास्त फरक आहे!”

*

आणि मग परीक्षेची सकाळ. लॅब उघडली तर सगळ्या बरण्यांवर तेलाचा तवंग! डासांचं औषध मारणारा आदल्या दिवशी येऊन गेला होता. साठलेलं पाणी दिसलं, त्याने इमानदारीत तेल ओतलं.

मी थेंबामागून थेंब बघितले. सगळं मेलेलं. शालिनी स्टुलावर बसली ती उठेना. प्राचार्य एक्स्टर्नलना घ्यायला गेटवर पोचलेसुद्धा होते.

एवढ्यात ती ताडकन उठली. “गणपत, प्राचार्यसाहेबांच्या केबिनमधल्या फुलदाणीचं पाणी कधी बदललंस?”

आमचा शिपाई गणपत बिचकला. “रोज बदलतो, बाई.”

“वाट लागली! ताज्या पाण्यात कसले जीव!” मी म्हणाले.

“गणपत, खरं सांग रे. कुणाला सांगणार नाही.”

तो पायांकडे बघत पुटपुटला, “महाशिवरात्रीपास्नं नाय बदललं.”

शालिनी धावत जाऊन फुलदाणीच घेऊन आली. पहिल्या थेंबात काहीच नाही. दुसऱ्यात नुसता कचरा. जिन्यात बुटांचा आवाज आला. तिने तळाचा गाळ घेतला, जिवांचा वेग आवरायला त्यावर कापसाचे धागे टाकले आणि मी भिंगाला डोळा लावला. एक चप्पल सरकन गेली, मागून दुसरी, मग झुंडच!

“शाले, पळतायत गं!”

एक्स्टर्नल बराच वेळ बघत राहिले. मग मान वर करून म्हणाले, “झकास! इतकं जोमदार कल्चर मी बऱ्याच वर्षांत पाहिलं नाही. कुठे वाढवलंत?”

प्राचार्य शेजारीच उभे होते. शालिनी शांतपणे म्हणाली, “सरांच्या केबिनमध्ये.”

प्राचार्यांनी तिच्याकडे बघितलं, एक्स्टर्नलकडे बघितलं आणि छाती फुगवून म्हणाले, “मी स्वतः लक्ष घालतो!”

जूनमध्ये गणपत तिची ऑर्डर घेऊन आला. सोबत तोंडी निरोपही होता. “साहेबांनी विचारलंय, फुलदाणीतलं पाणी बदलायचं का ठेवायचं?”