स्थानिक नाव: काहून

"लिहिलं ते लिहिलं. खोडाचं नाही." असं म्हणत बाई चष्मा कपाळावर सरकवायच्या आणि उपटलेल्या रोपाच्या मुळांची माती तळहातावर झटकायच्या. त्यांचा उजवा तळहात स्वच्छ असलेला मला आठवत नाही.

डांबरगोळ्यांच्या वासाची, कपाटांनी भरलेली अशी एखादी खोली तुमच्याही कॉलेजात असेल. नागपूरच्या आमच्या कॉलेजात त्या खोलीवर बाईंचं राज्य होतं. वर्गात वनस्पतिशास्त्र शिकवायचं आणि उरलेल्या वेळात स्कूटर काढून रोपं गोळा करायची. रोप वर्तमानपत्रात दाबून वाळवायचं, जाड कागदावर चिकटवायचं, खाली चिठ्ठी लावायची: ठिकाण, तारीख, स्थानिक नाव. ही चिठ्ठी म्हणजे बाईंचा शब्द होता. चूक झालीच तर खाली दुरुस्ती लिहायची, पण मूळ अक्षराला हात लावायचा नाही.

मी सांगलीहून प्रयोगशाळेत नोकरीला आले त्याच आठवड्यात त्यांनी मला कामठीच्या पुढच्या एका तलावावर नेलं. पाणी ओसरलेल्या गाळात बोटभर उंचीचं, जांभळ्या फुलाचं एक रोप होतं. बाई त्याच्यापुढे कितीतरी वेळ उकिडव्या बसून राहिल्या.

"हे मी आजवर कुठंच नाही पाह्यलं," त्या म्हणाल्या. "जा वं, त्या शेळ्यावाल्या बाईले नाव विचारून ये."

शेळ्या चारणाऱ्या त्या बाईंकडे जाऊन मी विचारलं, "मावशी, या झाडाला काय म्हणतात?"

"काहून?" त्या म्हणाल्या.

मी आभार मानले आणि मोठ्यानं म्हणत लिहून घेतलं. स्थानिक नाव: काहून.

चिठ्ठी वाचून बाई डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसल्या. "अवं, ते तुले 'का?' म्हणून विचारून राहिली होती!" मी शरमेनं खोडायला गेले, तर माझा हात धरला. खाली बारीक अक्षरात त्यांनी एवढंच लिहिलं: 'काहून म्हणजे "का?". नाव कळले नाही. लिहिणारी मुलगी सांगलीची.'

ही नवीच जात आहे, असं बाईंचं म्हणणं होतं. रोप दूरच्या एका तज्ज्ञांकडे गेलं. त्यांचं उत्तर आलं की असं रोप विदर्भात असणं शक्य नाही, कागदांची अदलाबदल झाली असणार. वर एक टोमणाही होता: जिथे स्थानिक नावाची ही गत, तिथे ठिकाणावर काय भरवसा ठेवायचा?

बाईंच्या निवृत्तीला वर्ष उरलं होतं. उभ्या नोकरीत त्यांच्या चिठ्ठीवर कुणी शंका घेतली नव्हती, आणि आता घेतली ती माझ्यामुळे. मी रडायला लागले.

"रडून काय होते वं? रोप हजर करू," बाई म्हणाल्या.

पुढच्या हिवाळ्यात आम्ही पुन्हा तलावावर गेलो, तर तो काठ मुरूम टाकून बुजवलेला. वर प्लॉटच्या खुंट्या ठोकलेल्या. दुपार होईपर्यंत आम्ही गाळ तुडवला, काही मिळालं नाही. बाई पहिल्यांदाच थकलेल्या दिसल्या. तेवढ्यात शेळ्या आल्या, आणि मागोमाग त्याच मावशी. मला पाहताच त्यांनी हसू दाबायला तोंडाला पदर लावला.

"तुमचं ते काहून पाह्यजे काय वं? इकडचं तं बुजलं. तिकडं लय हाये, चाला."

पलीकडच्या काठावर गाळाच्या भेगाभेगांतून जांभळी फुलं उभी होती! साठीला आलेल्या बाई चपला हातात घेऊन चिखलात धावल्या. मला त्यांचा इतका अभिमान वाटला की मी नुसती बघत राहिले.

मग तज्ज्ञ स्वतः आले. गाळात गुडघे टेकून त्यांनी रोप पाहिलं आणि उठून बाईंना नमस्कार केला. नवी जातच होती. जाताना ते हळूच म्हणाले, "छापताना ते स्थानिक नाव गाळूया ना?"

"काहून?" बाई म्हणाल्या.

चिठ्ठी खालच्या ओळीसकट छापली गेली.

बाईंना जाऊन दोन वर्षं झाली. परवा मी विद्यार्थ्यांना घेऊन त्याच तलावावर गेले होते. शेळ्यांमागे आता मावशींची तरुण सून होती. आमच्या एका नागपूरकर मुलीनं तिला रोपाचं नाव विचारलं.

"काहून," ती म्हणाली.

"कॉलेजात शिकासाठी पाह्यजे मले," मुलगी समजावू लागली.

"ते समजलं वं. नावच काहून हाये त्याचं. आमच्याकडे सारे तेच म्हणतात."

मुलगी पेन्सिल धरून गोंधळून माझ्याकडे बघत राहिली. या क्षणाला बाई हव्या होत्या, फार हव्या होत्या.

"लिही वं," मी म्हणाले.