पर्थपर्यंत उपाशीपोटी

परवा वेई आणि मी ऑस्ट्रेलियातल्या कालगुर्लीहून पर्थपर्यंत, सहाशे किलोमीटर, उपाशीपोटी गाडी हाणली. पेट्रोल भरायला थांबलो तेव्हा गरम मीट पायचा, म्हणजे इथल्या खिम्याच्या पॅटिसचा, असा वास सुटला होता... पण दोघांनीही मन घट्ट केलं.

वेई माझ्याबरोबर कालगुर्लीच्या खाणीत इंजिनियर आहे, मूळचा चीनमधल्या चेंगदूचा. आम्ही दोघंही गे. माझ्या घरी सांगून झालं, रडारड झाली, आता स्थळं यायची थांबलीत. त्याची आई मात्र अजून सुनेच्या शोधात आहे.

त्याला एचआयव्हीची टेस्ट करायची होती, आयुष्यात पहिल्यांदा. लायब्ररीत काम करणाऱ्या नोआ नावाच्या मुलाने त्याला कॉफीला विचारलेलं, आणि हा पठ्ठ्या मनात असूनही टाळत होता. "काही निघालं तर?" एवढंच म्हणायचा. चीनमध्ये कोणाला कळेल या धास्तीने कधी तपासलं नाही, आणि इथल्या हॉस्पिटलातल्या डॉक्टरांबरोबर आम्ही दिवाळीचा फराळ खातो... म्हणून पर्थ.

रक्त द्यायचं तर उपाशीपोटी, हे त्याच्याही आईने शिकवलेलं आणि माझ्याही. टेस्ट त्याची होती, पण तो उपाशी असताना मी शेजारी बसून मीट पाय चापणं काही बरं दिसेना.

क्लिनिकमधली नर्स हसायलाच लागली. या टेस्टला उपाशी राहावं लागत नाही म्हणे. मग माझ्याकडे वळली, "मित्रा, तू का नाही खाल्लंस?"

"याला सोबत म्हणून," मी म्हटलं. तिला ते काही झेपलं नाही. वेईला कळलं... सकाळपासून दगडासारखा बसलेला माणूस, त्याचे डोळे भरून आले.

बोटाला टोचलं आणि आम्ही वाट बघत बसलो. नर्स म्हणाली, पॉझिटिव्ह आलं तरी रोज गोळी घ्यायची आणि मजेत जगायचं, प्रेमसुद्धा करायचं. हे त्याला आजवर कोणी सांगितलंच नव्हतं. थोड्या वेळाने रिपोर्ट निगेटिव्ह आला, पण त्याचा चेहरा त्याआधीच सैलावला होता.

बाहेर पडून बर्गरवर आडवा हात मारला. खाता खाताच त्याने नोआला 'शनिवारी जमेल' असं कळवलं. लगेच उत्तर आलं, आणि आमचे साहेब कानापर्यंत लाल.

माझ्या पहिल्या टेस्टला मी एकटाच गेलो होतो. त्या खुर्चीत बसून कोणाला फोन करावा तेही सुचत नव्हतं... तुमच्यापैकी कोणी असंच टाळत असेल तर इनबॉक्समध्ये या. काही विचारणार नाही. गाडी आहे, मी येतो.