चुन्यावरचं ऊन पाणी

आप्पा, म्हणजे माझे वडील, गिझरच्या पाण्याने अंघोळ करत नाहीत. आई होती तोवर ती कशीबशी समजूत घालायची. ती गेल्यापासून रोज सकाळी बाथरूमच्या दारात आमचं भांडण होतं आणि मी डोकं तापवून मंचरला शाळेत शिकवायला जातो. त्यांच्या पाठीला जखम झालीय. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलंय, रोज धुतली नाही तर चिघळेल आणि मग दवाखान्यात ठेवावं लागेल. दवाखाना म्हटलं की आप्पा भिंतीकडे तोंड करून झोपतात.

त्यांचं म्हणणं एकच. विजेचं पाणी अंगावरून नुसतं ओघळतं, आत मुरत नाही. पाणी असावं तर चुन्यावरचं.

पिंपळवंडीत आमचा चुन्याचा धंदा होता. भट्टीतून निघालेला कळीचा चुना हौदात टाकून आप्पा वर पाणी सोडत. खडे फुटत, फुगत आणि थोड्याच वेळात हौद रटरटायला लागे. त्यातच कडेला पाण्याचा हंडा रुतवून ठेवायचा, ही आमच्या घरची रीत. थंडीत सगळ्यांच्या अंघोळी त्या पाण्यावर उरकायच्या, सरपण नाही की धूर नाही. पुढे लोक भिंतींना डिस्टेंपर लावू लागले आणि भट्टी विझली. मी मात्र अजून चुन्यावरच पोट भरतो. दरवर्षी चंचुपात्रातल्या पाण्यात खडा टाकायचा आणि मुलांना म्हणायचं, बाहेरून हात लावून बघा, ही उष्मादायी अभिक्रिया. तेच तेच बोलून मला स्वतःला आता त्याचं काडीचं नवल वाटत नाही.

शेवटी मी हात टेकले. ओळखीच्या एका द्राक्षबागायतदाराकडून कळीचा चुना मागून आणला. बागेच्या फवारणीसाठी घेतलेलं पोतं त्याच्या शेडमध्ये पावसाळाभर उघडंच पडलं होतं. बऱ्याच खड्यांचा भुगा झालेला मला दिसत होता. हवेतला ओलावा खाऊन चुना बसल्या जागी विरतो, त्याची ऊब कुणाच्या उपयोगी न पडता निघून जाते, हे मीच वर्गात सांगतो. पण इतका वैतागलो होतो की म्हटलं, निम्मा तरी चांगला असेल.

रविवारी सकाळी अंगणात मोठ्या घमेल्यात चुना ओतला, मधोमध हंडा रुतवला आणि पाणी सोडलं. आप्पा सदरा काढून खुर्चीत येऊन बसले होते, कुणी न सांगता. चुना जरासा फुसफुसला आणि गप्प झाला. मी काठीने ढवळत राहिलो. हंड्यातलं पाणी गारच. मग मात्र माझ्यातलं बळच सरलं. शाळा, एसटी, भांडणं, जखम, सगळ्याचाच वीट आला. काठी टाकून मी पायरीवर बसलो आणि चक्क रडलो.

आप्पांनी उठून हंड्यात बोटं बुडवून पाहिली. तोच ओला हात त्यांनी माझ्या डोक्यावर ठेवला.

"लई दमलास रं," ते म्हणाले. "जा, आन तुझं ते गिझरचं पानी."

मी बादली भरून आणली. पाठीवर पहिला तांब्या ओतला तेव्हा त्यांनी अंग आवळून घेतलं. मी थांबलो आणि विचारलं, राहू दे का?

"वत तू," ते म्हणाले. "मुरतंय."