दोनशे चाळिसावा हप्ता

“हप्ता वाढला नाही ना, मग काहीच झालेलं नाही.”

पहिल्यांदा तो हे म्हणाला तेव्हा त्याच्या हातात बँकेचं पत्र होतं आणि बायको ओट्याशी पाठमोरी उभी होती. घर घेऊन तीन वर्षं झाली होती. व्याजाचा दर वाढला होता, आणि पत्रात दोन चौकटी छापल्या होत्या. पहिलीत खूण केली तर हप्ता आठशे एकोणपन्नासने वाढणार होता. दुसरीत केली तर हप्ता तोच राहून मुदत वाढणार होती. त्याने दुसरीत खूण केली, सही केली आणि पाकीट कामाच्या पिशवीत टाकलं. पुढच्या नऊ वर्षांत अशी आणखी दोन पत्रं आली. दोन्ही वेळा तो तेच वाक्य म्हणाला, त्याच सुरात.

तो कवळ्या करायचा. गल्लीतली मुलं त्याला कवळीकाका म्हणत आणि त्याला त्याचं काही वाटत नसे. एका डेंटल लॅबमध्ये तो एकोणिसाव्या वर्षी लागला. पहिली दोन वर्षं त्याने नुसतं प्लास्टर ओतलं. तोंडाची मापं येत, त्यात पांढरा लगदा भरायचा, थापट्या मारून बुडबुडे काढायचे, वाळला की जबडा बाहेर काढायचा. मग तो मेणावर गेला, मेणात दात लावायला शिकला आणि शेवटी घासणीवर, म्हणजे कवळीच्या कडा घासायच्या ग्राइंडरवर, बसला. घासणीवर बसणारा लॅबमधला मोठा माणूस. कवळी तोंडात टोचणार की नाही हे त्याच्या हातावर असतं.

तीस-बत्तीस वर्षं ग्राइंडर धरून त्याच्या बोटांची टोकं गेली. आधी थंडीत पांढरी पडायची, मग बाराही महिने बधिर राहू लागली. त्याने शर्टाची बटणं आरशात बघून लावायला सुरुवात केली. कवळीची कड गुळगुळीत झाली का हे बोटाला कळेना, म्हणून तो ती मनगटाच्या आतल्या बाजूवर फिरवून बघायचा. मनगटाला जेवढं कळतं तेवढं तो घासायचा. गेल्या वर्षी एका म्हातारबाईंच्या हिरडीला त्याच्या हातच्या कवळीने जखम झाली. दवाखान्यातून कवळी परत आली, सोबत चिठ्ठी. लॅबच्या मालकीणबाई रागावल्या नाहीत. त्यांनी कवळी त्याच्यासमोर ठेवली आणि म्हणाल्या, “बघा जरा.” त्याने बघितली. डोळ्यांना कड दिसत होती, मनगटालाही कळली. पहिल्या वेळी कळली नव्हती.

“अजून दहा महिने,” तो म्हणाला. “दोनशे चाळिसावा हप्ता गेला की मी उठतो इथून.”

बाईंनी मान डोलावली. दहा महिने अवघड कामं दुसऱ्याला दिली, सोपी त्याच्याकडे ठेवली.

घर तिसऱ्या मजल्यावर. दोन खोल्या, अरुंद मोरी, खिडकीतून समोरच्या इमारतीच्या पाण्याच्या टाक्या दिसायच्या. त्या खिडकीच्या कट्ट्यावर एक कवळी होती. वरचा आणि खालचा असे दोन गुलाबी जबडे, कुणाच्याच तोंडाच्या मापाचे नसलेले. पहिले बारा हप्ते भरून झाले त्या दिवशी त्याने लॅबमधून एक उरलेला दात आणला, चिमटाभर मेण गरम केलं आणि दात जबड्यात बसवला. वर्षाला एक दात. मुलगी तेव्हा सहा वर्षांची होती.

“असे किती लावायचे?” तिने विचारलं.

“वीस.”

“मग हे बाळाचं तोंड आहे. टीचरनी सांगितलंय, बाळाला वीसच दात असतात.”

“बाळाचंच आहे,” तो म्हणाला. “वीस झाले की घर आपलं.”

घरात सगळं हप्त्याच्या मापाने मोजलं जायचं. फ्रिज म्हणजे दोन हप्ते. मेहुणीच्या लग्नातला आहेर पाव हप्ता. बायको एकदा बहिणीला फोनवर म्हणाली होती, “आमच्याकडे पाच तारखेला पाहुणा येतो. दहा हजार सदतीस घेऊन जातो, पाणीसुद्धा मागत नाही.” ती हे हसून म्हणायची. दर वर्षी बँकेचा उतारा यायचा, चार पानांचा. तो पहिल्या पानावर हप्त्याचा आकडा शोधायचा, दहा हजार सदतीस दिसला की घडी घालून फाईलला लावायचा. मुलगी कॉलेजात गेल्यावर एकदा म्हणाली, “बाबा, एकूण किती जाणार आहेत ते तरी बघा.”

“एकूण कोण भरतं गं?” तो म्हणाला. “माणूस महिन्याचं भरतो.”

यात त्याचा आळस नव्हता. त्याच्या कामाची सवय होती. लॅबमध्ये कुणी उरलेलं मोजत नाही, लावलेलं मोजतात. पूर्ण कवळीत अठ्ठावीस दात असतात. चौदा लावले की चौदा उरले, हे वेगळं सांगावं लागत नाही. तुम्ही काम करत असताना जबडा वाढत नाही. मुदत वाढेल हे त्याने तीन वेळा वाचलं होतं, तीन वेळा खाली सही केली होती, आणि तरी त्याच्या डोक्यातला जबडा वीस दातांचाच राहिला होता.

दोनशे चाळिसावा हप्ता पाच तारखेला गेला. सहा तारखेला त्याने विसावा दात बसवला. मेण बोटावर सांडलं. ते गरम आहे हे त्याला उशिरा, कातडी लाल झालेली बघून कळलं. शनिवारी लॅबमध्ये त्याचा शेवटचा दिवस झाला. मालकीणबाईंनी सगळ्यांना चहा दिला. घासणीवर बसणारा नवा माणूस कोपऱ्यात उभा राहून त्याच्या खुर्चीची उंची बघत होता. सोमवारी सकाळी तो बँकेत गेला.

काउंटरमागे एक तरुण बाई होती. गळ्यात ओळखपत्र, समोर अर्धवट प्यायलेली पाण्याची बाटली.

“बोला काका.”

“कागद न्यायला आलोय.”

“कसले?”

“घराचे. तुमच्याकडे तारण आहेत ते. कर्ज फिटलं.”

तिने खाते क्रमांक टाकला, पडद्याकडे बघितलं, मग त्याच्याकडे, मग परत पडद्याकडे.

“काका, अजून एकशे दोन आहेत.”

“एकशे दोन काय?”

“हप्ते.” तिने पडदा खाली सरकवला. “शेवटचा अर्धाच आहे तसा.”

तो म्हणाला, “दुसऱ्या कुणाचं खातं उघडलंय का बघा.” तिने नाव वाचून दाखवलं, पत्ता वाचला, मजला वाचला. सगळं त्याचंच होतं. तिने पडदा त्याच्याकडे वळवला. एकाखाली एक तीन पत्रं होती, तिन्हींवर दुसऱ्या चौकटीत खूण, आणि खाली त्याची सही, ठसठशीत, शेवटच्या अक्षराला झोकात वळवलेली शेपटी.

“तुमचीच ना?”

“माझीच.”

“पहिलं पत्र बघा. तेव्हा तुमचे छत्तीस भरून झाले होते. राहिले होते दोनशे चार. दर वाढला आणि तुम्ही हप्ता तोच ठेवलात, म्हणून राहिले दोनशे चोपन्न.”

“म्हणजे तीन वर्षं भरली आणि सुरुवातीला होते त्याच्यापेक्षा जास्त राहिले?”

“चौदा जास्त.” तिने हे पाणी पिता पिता सांगितलं, मग बाटली खाली ठेवली. “असं खूप जणांचं होतं, काका.”

त्याने विचारलं, आजपर्यंत किती भरले. तिने वाचलं, चोवीस लाख आठ हजार आठशे ऐंशी. कर्ज बारा लाखांचं होतं. त्यातलं फिटलं होतं पाच लाख सत्तावीस हजार, बाकी अठरा लाखांच्या वर व्याजात गेले होते. मुद्दल अजून सहा लाख त्र्याहत्तर हजार उभं होतं. असंच चालू राहिलं तर सगळं मिळून चौतीस लाखांच्या पुढे जाणार होतं.

तो आकडे ऐकत होता, पण ते त्याला त्याच्या बोटांसारखे लागत होते. काहीतरी टेकलंय एवढं कळायचं. गरम की गार, धारदार की बोथट, ते कळायचं नाही.

“उतारा देता का मोठा? मुलीला दाखवतो.”

तिने अर्ज दिला. त्याने पेन चार बोटांत धरलं आणि सही केली.

“काका, जुळत नाहीये हो. परत करा जरा.”

त्याने परत केली. तिसऱ्यांदा केली. शेवटी तिने त्याचं ओळखपत्र बघून अर्जावर शिक्का मारला.

मुलीला कामावरून यायला सहा वाजले. ती आता एका शाळेत पोहायला शिकवायची, केस कायम ओले. तिने उतारा आणि त्याला जोडलेल्या पत्रांच्या प्रती जेवणाच्या टेबलावर पसरल्या आणि पाकिटाच्या पाठीवर आकडे मांडू लागली. बायको समोर बसली होती, दोन्ही हात मांडीवर.

“हे पहिलं पत्र,” मुलगी म्हणाली. “इथे महिन्याला साडेआठशे जास्त भरायला घेतले असते तर पन्नास हप्ते वाचले असते. पन्नास, बाबा. पाच लाख.”

तो टाक्यांकडे बघत होता.

“साडेआठशे,” बायको म्हणाली. “त्या वर्षी साडेआठशे म्हणजे हिची शाळेची बस होती.”

“मी चालत गेले असते.”

“आठ वर्षांची होतीस. मधे तो मोठा रस्ता होता.”

मुलीने पेनाचं टोपण लावलं, परत काढलं.

“मला कुणी विचारलं नाही,” ती म्हणाली.

“तुला काय विचारायचं,” बायको म्हणाली. “मला तरी कुठे विचारलं होतं. मी ओट्याशी होते. मागून आवाज आला, हप्ता वाढला नाही. मला बरं वाटलं. मी भांडी घासत राहिले.”

“अगं, मी वाचलं होतं,” तो म्हणाला. “वाचून सही केली.”

मुलीने मग दुसरा हिशोब काढला. बँकेत त्यांचे साठवलेले तीन लाख होते, म्हातारपणासाठी, हाताच्या डॉक्टरांसाठी. ते आजच कर्जात टाकले तर एकशे दोनाचे पंचेचाळीस हप्ते होतात. पावणेचार वर्षं. “तीन टाकले की साडेपाच लाखांच्या वर वाचतात. नाही टाकले तर साडेआठ वर्षं. बाबा तेव्हा बासष्टच्या पुढे असतील. अर्धा हप्ता मी देते.”

“आणि बाकी अर्धा?” बायको म्हणाली. “तीन लाख गेल्यावर घरात राहतं काय? यांनी काम सोडलंय. नवा माणूस बसला तिथे.”

मुलगी उठून मोरीत तोंड धुवायला गेली. जाताना तिने खिडकीतली कवळी उचलली, दात मोजले. वीस. उरलेल्या आठ जागा नुसत्या गुलाबी होत्या. “दुधाचे होते ना हे,” ती हळूच म्हणाली. कवळी तिने होती तशीच ठेवली, जबडा टाक्यांकडे करून.

मंगळवारी दुपारी मालकीणबाईंचा फोन आला, बायकोच्या फोनवर. मुलगी त्यांना भेटून आली असावी, किंवा नसावी. कुणी विचारलं नाही. बाई म्हणाल्या, “प्लास्टरला माणूस हवाय मला. ओतायचं फक्त. त्याला बोटं नाही लागली तरी चालतं. पगार निम्मा देता येईल, वहिनी, लपवत नाही. त्यांना विचारून बघा. त्यांना वाईट वाटेल असं असेल तर राहू दे.”

बायकोने फोन ठेवला आणि त्याला सगळं जसंच्या तसं सांगितलं, निम्म्या पगारासकट. तो पलंगावर बसून हाताला तेल चोळत होता. त्याने चोळायचं थांबवलं नाही.

“एकोणिसाव्या वर्षी जे करत होतात तेच,” ती म्हणाली. “मी नको म्हणू का त्यांना? काहीतरी सांगते. गावाला गेलेत म्हणते.”

तो तेल चोळत राहिला.

“हे घर विकून टाकू या, नाहीतर. भाड्याने राहू कुठेतरी. लोक राहतात.”

तेलाची बाटली त्याने बंद केली. झाकणाचे आटे नीट बसले का हे बोटांना कळलं नाही, म्हणून त्याने ती उलटी धरून बघितली.

बुधवारी तो नेहमीच्या वेळेला उठला. दाढी केली, आरशात बघून बटणं लावली. बायकोने डबा भरला होता. त्याने सांगितलं नव्हतं आणि तिनेही विचारलं नव्हतं. मुलगी दारात बसून बुटांच्या नाड्या बांधत होती. त्याने कपाट उघडलं, वरच्या खणातून तीन लाखांच्या खात्याचं चेकबुक काढलं, बँकेचा उतारा काढला, दोन्ही कामाच्या पिशवीत डब्याखाली ठेवलं. मग खुंटीवरचा जुना कापडी एप्रन घेतला. शनिवारी तो धुऊन आणला होता. शिवणींमध्ये जुन्या प्लास्टरचे पांढरे कण धुऊनही तसेच राहिले होते.

“अहो,” बायको म्हणाली. “त्यांना काय कळवू मग?”

मुलीने वर बघितलं आणि पाय बाजूला घेतले, त्याला जायला जागा झाली. त्याने एप्रनची घडी पिशवीत दाबली, चपला घातल्या आणि बाहेर पडला.