मायनं निंदून टाकलेली फुलं

धुळ्याच्या स्टँडवर माय रडली नाही, उलट माझ्यावरच डाफरली. "रडू नको वं. तठे आपलं मानूस कोन्ही नही, ते आपुनच करनं पडस." मी मनात म्हटलं, हिनं कधी जिल्हा ओलांडला नाही आणि मला जर्मनीचं शिकवते! बस हलली तेव्हा तिनं पदर तोंडाला लावला, तेवढा मला काचेतून दिसला.

त्या परक्या गावात आम्ही नवरा-बायको वरच्या मजल्यावर भाड्यानं राहायला लागलो. खाली घरमालकीण हेल्गाबाई, ऐंशी ओलांडलेली, एकटी. तिचं-माझं बोलणं म्हणजे येता-जाताचं 'गुटेन टाग' आणि कचरा चुकीच्या डब्यात टाकला म्हणून झापणं. शिंदखेड्याच्या माझ्या बायांनो, तुम्ही फोनवर म्हणायच्या, "मज्या शे बाई तुनी!" कसली डोंबलाची मजा! दिवस गेले तेव्हा हाकेला ओ देणारं माणूस नव्हतं. जे माझ्यासारखे घर सोडून निघालेत, त्यांना हे वेगळं सांगायला नको.

पहिलं बाळंतपण माहेरी असतं, पण डॉक्टरांनी विमानाला मनाई केली, म्हणून मायच आली. मी मात्र ठरवून टाकलं होतं, ती परत जाईल तेव्हा बाळाला घेऊन मीही जायचं, कायमचं. नवऱ्याला तसं सांगितलंही.

पोर झाली तेव्हा थंडी सरत आली होती. फाटकापासून दारापर्यंत फरशीच्या कडेला रेताड मातीची पट्टी होती. तिच्यात इवली पांढरी फुलं उगवली होती. देठ बोटाच्या पेराएवढा आणि फूल मोहरीच्या दाण्याहून जरासं मोठं. खिडकीतून मला तर वाटलं, कुणाच्या हातून मीठ सांडलंय.

मायच्या हाताला काम नसलं की तिला चैन पडत नाही. अख्खा जन्म कपाशीच्या निंदणीत गेलेला. बारशाच्या आदल्या दिवशी ती भाताचा चमचा घेऊन खाली उतरली, उकिडवी बसली आणि सगळी पट्टी साफ करून वर आली. काय तो तोरा! "बठ्ठं निंदी टाकं! म्हातारी एकली शे, तिले व्हत नही."

थोड्या वेळानं बेल वाजली. दारात हेल्गाबाई, ओंजळीत ती उपटलेली रोपं. मला वाटलं, आता ही घर खाली करायला सांगणार. पण बाई ओरडली नाही, रडायला लागली. माझ्या मोडक्या जर्मनमध्ये मला कळलं ते असं. दुसऱ्या महायुद्धानंतर तिचं गाव कायमचं सुटलं. आईचा हात धरून ती इथं आली, तेव्हा लहान होती. पहिला हिवाळा संपताना आईनं याच फुलांकडे बोट दाखवलं होतं. मोहरीच्या कुळातली ही फुलं सगळ्यांच्या आधी येतात आणि उन्हाळ्याआधी बी टाकून मरून जातात. आई गेल्यापासून ती दरवर्षी त्यांची वाट बघायची.

मी मायला सांगितलं. तिचा चेहरा खर्रकन उतरला. "अरे देवा! मी त तिनी मायच उपटी टाकी वं." तिनं हेल्गाबाईला हाताला धरून आत आणलं, पाळण्याजवळ बसवलं आणि मला म्हणाली, "पोरले आत्या नही. आत्याना मान हाई बाईले दे. सांग तिले."

नवऱ्याला बहीण नाही, म्हणून बारशाला नाव कोण सांगणार हा घोर आम्हाला होताच. दुसऱ्या दिवशी हेल्गाबाई इस्त्रीचा निळा झगा घालून आली. पाळण्यात वाकून तिनं पोरीच्या कानात नाव सांगितलं, आणि रीतीप्रमाणे मायनं हेल्गाबाईच्या पाठीत धपाटा घातला. बाई दचकली! मी रीत समजावल्यावर इतकी हसली, की तिचा चष्मा पाळण्यात पडला.

मायची जायची वेळ आली. मी बॅग काढली, तशी ती कमरेवर हात ठेवून उभी. "नणंदले एकली टाकीसन कोठे निंघनी?" खाली हेल्गाबाई, आता आमची हेल्गाअक्का, पोरीसाठी टोपी विणत बसली होती. मी हसले, मग पोटभर रडले आणि बॅग परत माळ्यावर टाकली. त्या दोघी म्हाताऱ्यांचे उपकार मी कुठं फेडू?

पुढच्या वर्षी फुलं आली, उकरलेल्या मातीत जरा जास्तच. अक्कानं मायला फोटो पाठवला, तर मायचा निरोप आला, "आते मी हातबी लावस नही!"

परवा शिंदखेड्याला आले होते. ओट्यावर मायजवळ बसून बोलता बोलता म्हणाले, सोमवारी निघते, घरी अक्का एकली शे. 'घरी' बोलून गेले आणि जीभ चावली. मायच्याच ओट्यावर बसून मी काय बोलले! माय उठली, उडदाच्या पापडांचा डबा काढला आणि दोन वाटे केले.

"हाऊ तुना," ती म्हणाली, "अन् हाऊ मोठा तुनी नणंदना."