रिकाम्या खुर्च्यांपुढचा सिनेमा

खोराटकडच्या त्या गावात मोठा नवस फेडायचा, तर देवळासमोर पडदा बांधून सिनेमा दाखवायचा. पुढच्या खुर्च्या गावाची राखण करणाऱ्या देवाच्या; त्याला सगळे आजोबा म्हणत. त्या रिकाम्याच ठेवायच्या. माणसं मागे, सुकी माकूल मासळी भाजणाऱ्या गाडीपाशी उभी राहत.

प्रायूनकाकांचं आयुष्य अशा सिनेमांना आवाज देण्यात गेलं. पडद्याशेजारी माईक घेऊन बसायचं आणि नायक, नायिका, खलनायक, सगळ्यांचं एकट्यानं बोलायचं. नायिकेच्या आवाजावर त्यांचं नाव झालं होतं. पण यंदा त्यांनी कवळी बसवली, आणि नायिकेनं तोंड उघडताच कवळीतून शिट्टी वाजू लागली.

नेमका तेव्हाच बुआलोयबाईंचा नवस आला. सक्तीच्या सैन्यभरतीच्या सोडतीत मुलाला काळी, म्हणजे सुटकेची चिठ्ठी निघाली, तो घरी राहिला. बाईंनी आजोबांना प्रायूनच्या आवाजातला सिनेमा कबूल केला होता.

मशीन चालवणाऱ्या नोपनं सरळ मार्ग सुचवला. सिनेमाच्या फितीवर छापील आवाज होताच, तोच लावायचा. वर म्हणाला, "खुर्च्या काही तक्रार करत नाहीत, काका."

काकांना ते पटत आलं होतं. चारचौघांत हसं होण्यापेक्षा बरं. पण दिवेलागणीला बाईंना उदबत्ती लावून आजोबांना सांगताना त्यांनी ऐकलं, "बोलल्याप्रमाणे त्यांनाच आणलंय." मग त्यांच्यानं राहवेना. त्यांनी कवळी काढून खिशात टाकली, खुर्च्यांना हात जोडले आणि माईक ओढून घेतला.

नायिका आता बोबडी झाली. मरणाऱ्या बापाचा हात धरून ती रडू लागली, तेव्हा माकुलाच्या गाडीपाशी पहिली फिस्सकन हसली ती गाडीवालीच. मग सगळेच. काकांचे कान तापले. तरी एकही वाक्य न गाळता त्यांनी सिनेमा तडीस नेला.

पडदा उतरताना बाई आल्या. काका मान खाली घालून म्हणाले, की तो प्रसंग रडण्याचा होता, आपण वाटोळं केलं.

"आमच्या आजोबांना रडण्याची हौस कधीच नव्हती," बाई म्हणाल्या. "आणि मी तुमचा आवाज बोलले होते, काका. दात नव्हते बोलले."

काकांना तरी खात्री वाटेना. आजोबांना आवडलं की नाही, हे सांगायला कोण येणार? रिवाजाप्रमाणे परवानगी मागून ते खुर्च्या मिटू लागले.

वायर गुंडाळता गुंडाळता नोपनं विचारलं, की पुढच्या आठवड्यात नदीपलीकडे नवस आहे, तिथे तरी छापील आवाज लावू ना?

काकांनी शेवटची खुर्ची मिटून ठेवली.

"तिथल्या लोकांनी काय कबूल केलंय," ते म्हणाले, "ते आधी विचारून ये."