पाटीवाल्याला भाऊबंद सापडले

पाटीवाले,

मायना वगैरे गृहीत धरा, तो लिहीत बसण्याचं माझं वय राहिलेलं नाही. तुमच्यावर लिहायचं मी ठरवलंय. आधी तुम्हालाच कळवते आहे, पण परवानगी मागत नाही. तुम्ही स्वतः ही हकिकत सांगायला लागलात की दर वाक्याला एक फाटा फोडता, आणि मुद्दा येईपर्यंत ऐकणाऱ्याचा चहा गार होतो. म्हणून मी सांगते. यापुढे तुम्हाला 'तो' म्हणेन, मनाला लावून घेऊ नका. आणि समोरच्या टायपिंगच्या दुकानातली खडूस ताई म्हणजे मीच, हे वाचणाऱ्यांना आत्ताच सांगून टाकते.

तर हा पाटीवाला. दारावर लावायच्या पितळी पाट्या कोरणं हा त्याचा धंदा. दुकान एवढंसं, की दोन गिऱ्हाइकं आत शिरली तर तिसऱ्याने रस्त्यावरूनच बोलायचं. खिडकीखाली एक लाकडी ठोकळा, त्यावर राळेत घट्ट बसवलेला पत्रा, आणि पत्र्यावर वाकलेला हा, एका डोळ्याला भिंग लावून. हातातली छिन्नी चालायची तशीच जीभही. गिऱ्हाईक चिठ्ठीवर नाव लिहून द्यायचं, निघायच्या घाईत असायचं, आणि हा मान वर न करता विचारायचा, "अर्थ काय हो तुमच्या आडनावाचा?"

निम्म्यांना माहीत नसायचा. मग ह्याला चेव यायचा. रद्दीतून आणलेले तीन जाडजूड कोश त्याने वाचून वाचून खिळखिळे केले होते. एकदा दातांचे डॉक्टर पाटी न्यायला आले, तेव्हा हा त्यांना म्हणाला, "डॉक्टर, तुम्ही मुळात लोहार!" डॉक्टर दचकले. म्हणाले, "म्हणूनच पेशंट म्हणतात का, हात जड आहे?" आणि त्याच आठवड्यात पियानो शिकवणारी एक बाई आली, ती वेगळ्याच मुलखातली, तर तिचंही आडनाव लोहारच निघालं. झालं! हा रस्ता ओलांडून माझ्याकडे धावत आला.

"ताई, हंगेरीत कोव्हाच, अरबांत हद्दाद, जर्मनांत श्मिट, इटलीत फेरारी. सगळे लोहार! अख्खी दुनिया एकाच भट्टीतून निघालीय!"

"मला तीन अर्ज टाइप करायचेत," मी म्हटलं.

"आणि आइसलँडात तर बापाचं नाव तेच पोराचं आडनाव. म्हणजे बघा, दर पिढीला नवी पाटी! तिथे जन्मायला हवं होतं."

"तिथे थंडीने बोटं आखडली असती," मागून त्याची बायको म्हणाली. ती डबा घेऊन आली होती. "जेवा आधी. दुनिया पळून जात नाही."

ह्या सगळ्या बडबडीत एका नावाशी आला की मात्र तो आवाज खाली आणायचा. इटलीत पूर्वी टाकून दिलेल्या मुलांना एस्पोझितो असं आडनाव देत. म्हणजे उघड्यावर ठेवलेला. "बिचाऱ्यांना आयुष्यभर तेच मिरवायला लागायचं," असं म्हणून तो छिन्नी उचलायचा. कारण तो स्वतः अनाथाश्रमातला. चार वर्षांचा असताना एका पाटी कोरणाऱ्या जोडप्याने त्याला घरी आणलं, वाढवलं, हातात कला दिली. आडनाव तेवढं बदललं नाही. कागदपत्रांचा व्याप कोण करणार!

त्या आडनावाचा अर्थ होता विहीर खणणारा. त्याची ठाम समजूत होती, की जन्मदात्यांनी मागे ठेवलेली ती एकच वस्तू. आपले वाडवडील विहिरी खणत असणार. "आणि मी पितळ खणतो. रक्तातच आहे ते!" गंमत अशी की एवढ्या मोठ्या गावात, एवढ्या वर्षांत, त्या आडनावाची दुसरी पाटी त्याच्याकडे कोरायला आलीच नव्हती. मूलबाळ झालं नाही. बायको चिडवायची, "मी नाही का तुमच्या आडनावाची?"

"तू लग्नाने आलीस. मला जन्माने असलेलं माणूस हवंय. एक. एकच चालेल."

वयाच्या एकोणसाठाव्या वर्षापर्यंत हा माणूस दर चिठ्ठी उलगडताना ते एक आडनाव शोधत होता. मला हे माहीत होतं, आणि खरं सांगते, मला ते खूळ वाटायचं.

मग एका मंगळवारी दुपारी एक बाई आली. ठेंगणी, कडक इस्त्रीची साडी, मनगटावर पुरुषी घड्याळ. नर्स म्हणून निवृत्त झालेली. नवं घर घेतलं होतं, दाराला पाटी हवी होती. चिठ्ठी ठोकळ्यावर ठेवून ती म्हणाली, "अक्षर मोठं काढा. माझ्या मैत्रिणींना दिसत नाही."

ह्याने चिठ्ठी वाचली. भिंग काढलं, पुसलं, पुन्हा लावलं, पुन्हा वाचली. मग बाहेर येऊन रस्त्याच्या मधोमध उभा राहिला आणि ओरडला, "ताई! आली! आली!" मला वाटलं आग लागली. मी चप्पल न घालता धावले.

"हे तुमचं माहेरचं की सासरचं?" तो नर्सला विचारत होता.

"लग्नच केलं नाही, सासरचं कुठून आणू?"

"मग तुमचे वडील विहिरी खणायचे? आजोबा? कुठल्या गावचे?"

नर्सने त्याच्याकडे नीट बघितलं. "तुम्ही का विचारता?"

"कारण मीही तोच!"

ती स्टुलावर बसली. तिने त्याचं वय विचारलं, आश्रम कुठला ते विचारलं, आणि एकदम अहोवरून अरेवर आली. "अरे वेड्या, कसले आजोबा आणि कसल्या विहिरी! आपल्या आश्रमात कारकून होता ना, त्याची ती पद्धत होती. मी अठराव्या वर्षापर्यंत तिथेच होते, त्याच्या हाताखाली फाइली लावल्यात. पोरांची आडनावं कुठून आणायची? मग त्या वर्षी आवारात जे काम चालू असेल तेच आडनाव, वर्षभर येणाऱ्या सगळ्या पोरांना. आधीच्या वर्षी भिंत बांधत होते, ती सगळी पोरं गवंडी. आपल्या वर्षी मागे विहीर खणली."

ह्याचा चेहरा मी बघितला आणि नर्सचा राग आला मला. काय गरज होती एवढं फाडकन सांगायची? (मी तरी काय वेगळं केलं असतं म्हणा.) बायकोने डबा खाली ठेवला. जगातल्या एस्पोझितोंवर हळहळणाऱ्या माणसाला आपण त्यांच्यातलेच, हे एवढ्या वर्षांत सुचलं नव्हतं. आईबापांनी दिलेलं म्हणून जे छातीशी धरलं, ते एका कारकुनाने खिडकीतून बाहेर बघून लिहिलं होतं.

"म्हणजे माझं असं काहीच नाही," तो म्हणाला.

"रडतोस काय? मी नाही रडले," नर्स म्हणाली. "पाण्याला लागली ती विहीर. सगळा आश्रम तेच पाणी प्यायचा."

ह्याने भिंग काढून ठोकळ्यावर ठेवलं. मग मान वर केली. "तुम्ही म्हणालात, सगळ्या पोरांना. सगळी म्हणजे किती?"

"तेवीस."

"तेवीस!" असा ओरडला की राळेतला पत्रा हलला असेल. "अगं ऐकलंस का, तेवीस! मी एक मागत होतो!" बायकोला गदागदा हलवलं, नर्सला वाकून नमस्कार केला. ती म्हणाली, "अरे, मी तुझ्याहून दोन महिन्यांनी लहान आहे!" तर म्हणाला, "मग ऊठ, मोठा भाऊ म्हणून मला नमस्कार कर." आणि ती चक्क उठली.

त्या दिवसानंतर तो कोणाला आवरेना. नर्सला सहा जणांचे पत्ते माहीत होते. त्या सहांना बाकीचे दोघे-चौघे. आश्रम केव्हाच बंद पडलेला, पण जुन्या फाइली पालिकेच्या तळघरात होत्या. हा रोज तिथे जाऊन धूळ खायचा आणि संध्याकाळी माझ्या दुकानात शिंकत पत्रं सांगायचा. मी टाइप करायचे. बासष्ट पत्रं टाइप केली मी, चुका सोडून. दर उत्तर आलं की हा रस्त्यातूनच ओरडत यायचा: "बेकरीवाला सापडला!" "ताई, एक बहीण बोटीवर इंजिनिअर आहे, इंजिनिअर!" पाच जण गेलेले निघाले. त्यांची मुलं सापडली, ती त्याने पुतणे-भाचे म्हणून जमा केली.

एका रविवारी शाळेचा हॉल घेऊन सगळ्यांना बोलावलं. मीही गेले. काय ते कुटुंब! एक सहा फुटी, एक माझ्या खांद्याला. एकाचं नाक दुसऱ्याच्या नाकाशी जुळेल तर शपथ. पण अर्ध्या तासात कोण वर्षाच्या सुरुवातीचं आणि कोण शेवटचं यावरून भांडणं सुरू झाली, बेकरीवाल्याने इंजिनिअरीणबाईंना 'धाकटे, गप्प बस' म्हटलं, त्या फणकारल्या, आणि मला खात्री पटली की हे सख्खेच. पाटीवाला मधे उभा राहून नुसता हसत होता. बायको मला म्हणाली, "तीस वर्षं ह्या माणसाला जेवायला बोलावतेय. आज स्वतःहून दोनदा वाढून घेतलं."

त्याने प्रत्येकासाठी पाटी कोरली होती. आडनाव, आणि त्याखाली छोटासा गोल, विहिरीचा. घरी परतताना प्रत्येकाच्या काखेत कागदात गुंडाळलेली पाटी होती.

हयात असलेल्यांपैकी एकजण आला नव्हता, तेविसावा. घड्याळं दुरुस्त करणारा, एकटा राहणारा. पत्राला दोन ओळींचं उत्तर होतं: तब्येत बरी नसते, प्रवास झेपत नाही, पण पाटी असेल तर दाराला लावीन. तो राहतो त्याच शहरात माझा मुलगा. तुम्ही पाटी माझ्या हातात ठेवलीत, पाटीवाले, आणि म्हणालात, "ताई, टपालाने नको. कोणीतरी दारात उभं राहून द्यायला हवी."

पहिल्यांदा गेले तेव्हा नातवाला ताप. दुसऱ्यांदा पाटी घेतली, पण ट्राममध्ये चढायचा कंटाळा केला. पुढच्या वेळी बघू म्हटलं. 'दिलीत ना पाटी?' असं तुम्ही विचारलंत, तेव्हा मी हो म्हणून मान हलवली. तुम्ही खूश झालात, मग मी गप्प बसले. तिसऱ्यांदा खरंच गेले. चौथा मजला, जिना चढले. दाराला दुसऱ्या कुणाचं नाव होतं. आतली मुलगी म्हणाली, घड्याळवाले आजोबा दोन महिन्यांपूर्वी खोली सोडून गेले, कुठे ते कोणालाच माहीत नाही.

पाटी माझ्या कपाटात आहे. मी ती दिली नाही.